रुसलेले सिनेटर

पंगतीतून रुसून उठणारा माणूस मागे वळून पाहत नाही, पण त्याचे कान मागेच असतात. कुणीतरी 'अहो, बसा हो!' म्हणणार, याची त्याला खात्री असते. न्यूयॉर्कचे सिनेटर रॉस्को कॉंकलिंग हे या रुसणाऱ्यांचे चक्रवर्ती सम्राट.

पेशा वकिलीचा, गाव युटिका. १८५८ मध्ये तिथले मेयर, पुढं प्रतिनिधिगृह आणि १८६७ पासून सिनेट. उंची सहा फुटांच्या वर, दाढी लालसर, आणि कपाळावर एकच बट; सहज आलीय असं वाटावं इतक्या मेहनतीनं बसवलेली. भोवताली सगळे काळ्या कोटात, तर साहेब रंगीत जाकिटात. मुष्टियुद्धाचा शौक होता. पण कुणी सलगीनं खांद्यावर हात ठेवलेला खपत नसे.

१८६६ मध्ये त्यांच्याच पक्षाच्या जेम्स ब्लेन यांनी भर सभागृहात त्यांच्या चालीला टर्की कोंबड्याची उपमा दिली. व्यंगचित्रकारांची आयुष्यभराची सोय झाली आणि साहेबांनी ब्लेनशी कायमचा अबोला धरला. अठरा वर्षांनी ब्लेन अध्यक्षपदाला उभे राहिले. प्रचाराला याल का, असं विचारल्यावर 'मी फौजदारी कामं घेत नाही' असं वकिली उत्तर मिळालं म्हणतात. न्यूयॉर्क राज्यात ब्लेन जेमतेम हजारभर मतांनी पडले आणि त्यातच अध्यक्षपद गेलं.

साहेबांचा खरा जीव न्यूयॉर्क बंदराच्या जकात कचेरीत. देशाच्या जकातीचा मोठा वाटा तिथं जमा होई आणि नोकऱ्या वाटायच्या त्या साहेबांच्या शब्दावर. १८८१ मध्ये अध्यक्ष गारफिल्ड यांनी तिथं मुख्य अधिकारी म्हणून रॉबर्टसन यांना नेमायचं ठरवलं. म्हणजे साहेबांना विचारलं नाही ते नाहीच, वर माणूस निवडला तो त्यांच्या वैऱ्यांतला! १६ मे रोजी साहेबांनी राजीनामा फेकला. त्यांची री ओढत दुसरे सिनेटर थॉमस प्लॅट यांनीही दिला; लोकांनी त्यांचं नावच 'मीपण' पाडलं.

तेव्हा सिनेटर निवडायचं काम राज्याच्या विधिमंडळाचं. राज्याच्या राजधानीतले, ऑल्बनीतले आमदार हात जोडून आपल्याला परत पाठवतील, हा हिशेब. खुद्द उपाध्यक्ष चेस्टर आर्थर, साहेबांचेच चेले, तिथं रदबदलीला गेले. आठवड्यामागून आठवडे मतदान चाललं आणि जुलैमध्ये आमदारांनी दोन्ही जागा दुसऱ्यांनाच देऊन टाकल्या. 'बसा हो' कुणी म्हटलंच नाही.

मधेच गारफिल्ड यांच्यावर गोळी झाडली गेली, सप्टेंबरात ते वारले आणि आर्थर अध्यक्ष झाले. आता रॉबर्टसन जाणार, हे साहेबांनी गृहीतच धरलं. चेल्यानं त्यांना हलवलं नाही. उलट १८८२ मध्ये साहेबांनाच सुप्रीम कोर्टाचं न्यायाधीशपद देऊ केलं. सिनेटनं ३९ विरुद्ध १२ मतांनी मंजुरी दिली, आणि मंजुरी हातात पडल्यावर साहेब म्हणाले, 'नको.' आग्रह झाला तोही चुकीच्या ताटाचा!

१२ मार्च १८८८ रोजी न्यूयॉर्कवर प्रचंड हिमवादळ कोसळलं. गाडीवाल्यानं पन्नास डॉलर मागितले म्हणतात. अशी अडवणूक साहेब सोसतील? वॉल स्ट्रीटकडून क्लबापर्यंतचे जवळजवळ तीन मैल ते तरातरा पायी निघाले, युनियन स्क्वेअरच्या बर्फात रुतले, कसेबसे पोचले आणि महिनाभरानं वारले. हुज्जत मात्र जिंकले.

त्याच्या आदल्याच वर्षी कॅन्सासमध्ये एका बापानं नकोशा वाटलेल्या आपल्या मुलाला मुद्दाम या नावडत्या सिनेटरचं नाव दिलं, असं सांगतात. रॉस्को कॉंकलिंग आर्बकल. मूकपटांचा तो लाडका विनोदवीर झाला आणि जगानं त्याला ओळखलं ते 'फॅटी' म्हणून.