मान डोलावण्याचं मानधन

अमेरिकन फुटबॉलचा कुठलाही सामना लावा, हा इसम दिसणारच. मैदानात बावीस धिप्पाड माणसं एकमेकांवर कोसळत असतात आणि सीमारेषेवर हा परीटघडीच्या जर्सीत, टोपी घालून, कानाला हेडसेट लावून मान डोलावत उभा असतो. राखीव क्वार्टरबॅक, म्हणजे चाली चालवून चेंडू फेकणाऱ्या मुख्य खेळाडूचा बदली. मांडवात मुंडावळ्या बांधून बसवलेला बदली नवरदेव!

न्यू जर्सीतल्या आमच्या मावसभावाचं हे दैवत. संघ लागोपाठ दोन सामने हरला की त्याचा जप सुरू होतो, "त्या बदलीवाल्याला उतरवा!" खरोखर उतरवलं आणि त्याने पहिलाच चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या हातात दिला, की हाच भाऊ विचारतो, "या गाढवाला उतरवलं कुणी?" त्यामुळे शहाणा राखीव उतरायची घाई करत नाही. तो मान डोलावतो.

आणि किती परींनी! मुख्य क्वार्टरबॅक चेंडू गमावून आला, की सांत्वनाची मान. प्रशिक्षक त्याला झापू लागला, की दोघांचंही पटल्याची मान. टॅब्लेटवर मागच्या चालीचे फोटो बघताना चिंतनाची मान. इंडियानापोलिसचा जिम सॉर्गी 2004 ते 2009 पेटन मॅनिंगच्या मागे उभा होता. मॅनिंग एकही सामना चुकवीना. सॉर्गीच्या नावावर सुरुवातीपासून खेळलेले सामने शून्य. मान मात्र सहा हंगाम डोलली.

चेस डॅनियलने तर या विद्येचं सोनं केलं. 2009 साली नव्या खेळाडूंच्या निवडीत त्याला कुठल्याच संघाने घेतलं नाही, तरी गडी चौदा हंगाम टिकला. सुरुवातीपासून खेळलेले सामने पाच, कमाई चार कोटी डॉलरच्या वर. म्हणजे सामन्यामागे ऐंशी लाख! आमचीही मान काही कमी लवचीक नाही. वर्षानुवर्षं साहेबांपुढे फुकट डोलते आहे.

एवढी जळजळ ओकून झाल्यावर नाइलाजाने कबूल करायला हवं, की नोकरी दिसते तितकी आरामाची नाही. चालींचं अख्खं पुस्तक याला पाठ करावं लागतं, पण सरावातले बहुतेक चेंडू मुख्य खेळाडू फेकतो. हा आठवडाभर पुढच्या प्रतिस्पर्धी क्वार्टरबॅकची नक्कल करतो, म्हणजे आपल्याच बचावफळीला सराव व्हावा. संधी येते ती मित्राचं हाड मोडल्यावर. नवस तरी कुठल्या तोंडाने बोलायचा?

आणि संधी आली तरी ती टिकत नाही. जानेवारी 1993 मध्ये मुख्य क्वार्टरबॅक जिम केली जखमी होता म्हणून बफलोने फ्रँक राइखला उतरवलं. ह्यूस्टनविरुद्ध 3-35 असा पिछाडीवर असलेला सामना त्याने 41-38 असा काढला. पंधरवड्यात केली परतला आणि राइख पुन्हा टोपी घालून उभा.

1972 मध्ये मायामीचा बॉब ग्रीसी पाचव्या सामन्यात जायबंदी झाला. 38 वर्षांचा अर्ल मॉरल आला आणि उरलेल्या साखळीत एकही सामना न हरता त्याने संघ बाद फेरीत नेला. सुपर बोल या अंतिम सामन्याच्या आधीच्या सामन्यात, मध्यंतरानंतर, प्रशिक्षक डॉन शुलांनी बऱ्या झालेल्या ग्रीसीला पाठवलं; सुपर बोलही त्यालाच दिला. तो संघ 17 पैकी 17 जिंकला. मॉरलला निर्णय पटो न पटो, त्याने तमाशा केला नाही.

पगार आहे तो याचा. जिंकून दाखवलेली जागा तोंड वाकडं न करता परत करण्याचा. चार कोटी डॉलर जास्त वाटत असतील, तर आपल्या कचेरीत कुणाला तरी खुर्ची परत करायला सांगून बघा.