वेग सांगू नका, सेकंद सांगा

क्षेपणास्त्राच्या बातमीचा सगळा जीव एका आकड्यात असतो. मॅक पाच, मॅक सहा, मॅक आठ. आकडा पडद्यावर लाल अक्षरांत थरथरतो, मागे नगारे वाजतात आणि चर्चेला बोलावलेल्या निवृत्त अधिकाऱ्याला विचारलं जातं, "म्हणजे आता शेजाऱ्याची झोप उडाली म्हणायची?" पाहुणे दर वेळी "उडाली" म्हणतात. इतकी वर्षं झोप उडालेला शेजारी एकदाही जांभई देताना दिसला नाही, हे एक नवलच.

आता वेगाचं एवढं कौतुक करायचंच होतं, तर ते १९४९ मध्येच उरकायला हवं होतं. त्या वर्षी २४ फेब्रुवारीला अमेरिकेनं न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात, जर्मनांकडून हस्तगत केलेल्या व्ही-२ रॉकेटच्या डोक्यावर वॅक कॉर्पोरल नावाचं चिमुकलं रॉकेट बसवून उडवलं. त्यानं ताशी आठ हजार किलोमीटरचा टप्पा ओलांडला. ध्वनीच्या पाचपट वेग म्हणजे मॅक पाच, आणि तिथून पुढचं सगळं हायपरसॉनिक. आपली अग्नी क्षेपणास्त्रंही वातावरणात परतताना ही रेघ सहज मागे टाकतात. तेव्हा नुसतं 'मॅक पाच गाठला' ही बढाई पंचाहत्तर वर्षं शिळी आहे. उत्साहाच्या भरात काही जण ब्राह्मोसलाही हायपरसॉनिक करून टाकतात. ते क्षेपणास्त्र उत्तम आहे, त्याच्या सांगाड्याचे भाग आपल्या विक्रोळीत गोदरेजच्या कारखान्यात बनतात, पण त्याचा वेग मॅक तीनच्या आसपास. त्याला खोट्या पदवीची गरज नाही.

मग नवं काय? नवं आहे ते इंजिन.

रॉकेट स्वतःचं इंधनही नेतं आणि ते जाळायला लागणारा ऑक्सिजनही. वजनाचा मोठा वाटा त्यातच जातो. जेट इंजिन ऑक्सिजन बाहेरच्या हवेतून घेतं, म्हणून हलकं. साध्या जेटमध्ये हवा दाबायला पाती फिरतात. रॅमजेटमध्ये पाती नसतात, वेगामुळेच हवा दाबली जाते. पण आत आल्यावर तिला ध्वनीपेक्षा कमी वेगावर आणावं लागतं. मॅक पाचच्या पुढे असा ब्रेक लावला, तर हवा इतकी तापते की इंधन जाळून हाती फारसं काही लागत नाही. म्हणून शास्त्रज्ञ म्हणाले, ब्रेकच नको. हवा ध्वनीपेक्षा वेगानंच आत येऊ द्या, तशीच जाळा, तशीच बाहेर काढा. हे झालं स्क्रॅमजेट.

सांगायला सोपं, आणि इथंच घोडं पेंड खातं. हवा इंजिनात राहते सेकंदाचा हजारावा भाग, फार तर असे काही भाग. तेवढ्यात इंधन फवारायचं, मिसळायचं, पेटवायचं आणि पेटतं ठेवायचं. दादरला न थांबता धडधडत जाणाऱ्या विरार फास्टमध्ये फलाटावरून चढायचं, खिडकीची जागा पकडायची आणि पेपर उघडून अग्रलेख वाचून काढायचा, तोही फलाट संपायच्या आत. जरा चुकलं की आतला दाब उलटा तोंडाशी येतो आणि इंजिन हवा घ्यायचंच नाकारतं. मॅक सहाला आत अडवलेली हवा दीड हजार अंशांच्या घरात तापते; जळती ज्वाळा त्याहून गरम. भिंती वितळू नयेत म्हणून इंधनच आधी त्यांच्यातून खेळवतात. म्हणजे इंधनानं आधी भिंती गार करायच्या आणि मग स्वतः जळायचं. दोन कामं, पगार एकच.

त्यात या इंजिनाला जागचं हलता येत नाही. आधी कुणीतरी रॉकेटवर बसवून मॅक चार-पाचपर्यंत नेऊन सोडावं लागतं, मग ते कामाला लागतं. राजकारणात अशी मंडळी पुष्कळ भेटतात. तिथं मात्र शेवटची पायरी बहुधा राहूनच जाते.

म्हणून या धंद्यात खरा प्रश्न 'किती वेग' हा नाही. 'किती सेकंद' हा आहे. जरा हिशेब बघा. नासाच्या एक्स-४३ए या स्क्रॅमजेट विमानाचं पहिलं उड्डाण जून २००१ मध्ये फसलं. बूस्टर भरकटला आणि सगळं हवेतच नष्ट करावं लागलं. नोव्हेंबर २००४ मध्ये त्याच्या भावंडानं मॅक ९.६ गाठला. जगभर मथळे झाले. इंजिन चाललं सुमारे दहा सेकंद. त्यानंतरच्या एक्स-५१ए चं २०११ मध्ये इंजिन बिनसलं, २०१२ मध्ये एका पंखानं दगा दिला, आणि १ मे २०१३ ला अखेर ते २१० सेकंद चाललं. वेग जेमतेम मॅक ५.१. मथळे बेतास बात. जाणकारांनी मात्र टाळ्या वाजवल्या त्या दुसऱ्यासाठी.

आपलंही तेच. इस्रोनं २८ ऑगस्ट २०१६ ला श्रीहरिकोट्याहून हायड्रोजनवर चालणारं स्क्रॅमजेट उडत्या रॉकेटवर पेटवलं, पाच सेकंद. डीआरडीओनं ७ सप्टेंबर २०२० ला ओडिशाच्या किनाऱ्यावरून एचएसटीडीव्ही हे वाहन सोडलं. तीस किलोमीटर उंचीवर, सेकंदाला दोन किलोमीटर वेगानं त्याचं इंजिन वीस सेकंदांहून थोडं अधिक चाललं. दोन्ही वेळा आपण 'जगातला चौथा देश' ठरलो. चार वर्षांत दोनदा चौथा नंबर काढणारं राष्ट्र दुसरं नसेल. ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड विद्यापीठानं २००२ मध्येच वूमेराच्या आकाशात असं ज्वलन करून दाखवलं होतं, पण ते पडलं विद्यापीठ. त्याला रांगेत कोण उभं करणार?

वीस सेकंद गुणिले दोन, म्हणजे चाळीस किलोमीटर. एवढ्यात शत्रूचं सोडा, धड जिल्ह्याची हद्दही ओलांडत नाही. ही टिंगल नाही, गुणाकार आहे. प्रयोगाचं काम ज्योत टिकते का हे बघणं होतं, आणि ती टिकली. मथळ्यांनी मात्र त्याच दिवशी क्षेपणास्त्र सैन्याच्या हवाली करून टाकलं.

खरी बातमी त्यानंतर आली, आणि ती आतल्या पानावर गेली. हैदराबादच्या डीआरडीएल प्रयोगशाळेनं जानेवारी २०२५ मध्ये भिंती गार ठेवणारा स्क्रॅमजेटचा दहनकक्ष जमिनीवर १२० सेकंद चालवला. एप्रिलमध्ये लहान आकाराचा, हजार सेकंदांहून अधिक. जानेवारी २०२६ मध्ये पूर्ण आकाराचा, बारा मिनिटांहून अधिक. आता पुन्हा गुणाकार करा. बारा मिनिटं म्हणजे ७२० सेकंद, गुणिले दोन, १,४४० किलोमीटर. हे झालं क्षेपणास्त्राचं अंतर. फक्त एक लक्षात ठेवा: जमिनीवर तापलेली हवा पाइपातून हवी तशी मिळते. आकाशात ती आपल्याला विचारून येत नाही. या दोन परीक्षांच्या मधे काही वर्षं असतात, आणि त्या वर्षांत नगारे वाजवायला कुणी येत नाही.

वेगाच्या गप्पांची चटक मोठमोठ्यांना लागते. ४ फेब्रुवारी १९८६ ला राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी अमेरिकी संसदेत सांगितलं की, पुढचं दशक संपेपर्यंत वॉशिंग्टनच्या डलस विमानतळावरून उडून दोन तासांत टोकियो गाठता येईल. ध्वनीच्या पंचवीसपट वेगाचं विमान. १९९३ मध्ये प्रकल्प गुंडाळला. विमान एकही उडालं नाही, कारण एकही बनलं नाही. टोकियो अजून तिथंच आहे.

पुतिन यांची तऱ्हा वेगळी. १ मार्च २०१८ ला त्यांनी अजिंक्य शस्त्रांची यादीच वाचली. त्यातलं किंझाल खरं तर विमानातून सोडायचं रॉकेट. त्यात स्क्रॅमजेट नाहीच. मे २०२३ मध्ये कीव्हवर अमेरिकी पॅट्रियट या क्षेपणास्त्रविरोधी यंत्रणेनं ते पाडलं. त्याच सुमाराला नोवोसिबिर्स्कच्या संस्थेत हायपरसॉनिक वायुगतीवर आयुष्य घालवलेले शास्त्रज्ञ देशद्रोहाच्या आरोपाखाली तुरुंगात होते. सहकाऱ्यांनी खुलं पत्र लिहिलं, की परिषदांत मांडलेलं सगळं साहित्य गोपनीयतेसाठी आधी तपासून घेतलं होतं. उपयोग झाला नाही. २०२४ मध्ये सत्तरी ओलांडलेल्या अनातोली मास्लोव यांना चौदा वर्षं आणि संस्थेचे संचालक अलेक्झांडर शिपल्युक यांना पंधरा वर्षं शिक्षा झाली. अजिंक्य शस्त्राची फुशारकी मारणाऱ्यानं ते विज्ञान जाणणाऱ्यांनाच कोंडलं. क्षेपणास्त्र पडलं ते पॅट्रियटमुळे. विज्ञान पडायला घरचं न्यायालय पुरलं.

आपल्याकडे शास्त्रज्ञांना कुणी कोंडत नाही, ही मोठीच गोष्ट. आपण त्यांना मथळ्याखाली दाबतो. पाच सेकंदांना पन्नास म्हटलं, की पुढच्या वर्षी साठ करून आणणाऱ्याचा पराक्रम पराक्रम वाटत नाही. आणि एखादी चाचणी फसली की तेच नगारेवाले विचारतात, "पैसा गेला कुठं?" चार फसलेल्या चाचण्यांचा खर्च सोसायची तयारी नसेल, तर पाचव्या यशावर नाचायचा हक्क कुठून आणणार?

तेव्हा पुढची बातमी आली की वाचकांनी तीन प्रश्न विचारावेत. वाहन स्वतःच्या इंजिनावर उडालं की रॉकेटनं फेकलं? चाचणी जमिनीवर झाली की आकाशात? आणि इंजिन किती सेकंद चाललं? बातमीत तिन्हींची उत्तरं असतील तर ती जपून ठेवा. नुसताच मॅकचा आकडा असेल तर पान उलटा. मॅकनं मथळा मिळतो. पल्ला मिळतो तो सेकंदांनी.