नाचणाऱ्याचं नाव लिहा

‘फायरस्टार्टर’ या गाण्याच्या गीतकार-संगीतकारांची यादी काढून बघा. आठ नावं आहेत. १९९६च्या मार्चमध्ये इंग्लंडच्या ‘द प्रॉडिजी’ या ग्रुपचं हे गाणं आलं आणि तीन आठवडे तिथे पहिल्या क्रमांकावर राहिलं. आठांपैकी लिअम हाउलेट आणि कीथ फ्लिंट हे दोघे ग्रुपमधले. तिसरं नाव अमेरिकेच्या किम डीलचं, कारण तिच्या ‘द ब्रीडर्स’ या बँडच्या गिटारचा एक तुकडा हाउलेटने उचलला होता. उरलेली पाचही नावं ‘आर्ट ऑफ नॉइज’ या मंडळींची. त्यांच्या जुन्या रेकॉर्डमधली एक आरोळी, फक्त एक ‘हे!’, या गाण्यात घेतली आहे. एका आरोळीपायी पाच जणांना श्रेय मिळालं. ग्रुपमधल्याच लिरॉय थॉर्नहिलचं नाव मात्र यादीत नाही. तो नाचायचा.

कायद्याने यात काही चूक नाही. शब्द, चाल, ध्वनी यांची मालकी ठरलेली असते, ज्याचं त्याला मिळतं. ध्वनिमुद्रणात पाय ऐकू येत नाहीत, म्हणून पायांचा वाटा शून्य. पण कायद्याचा हा हिशेब आपण सगळ्यांनीच मनात उतरवून घेतला आहे, आणि मला राग आहे तो त्याचा. ‘बाकीचे वाजवतात, पण हा काय करतो?’ हा प्रश्न नाचणाऱ्याला हमखास विचारला जातो. विचारणाऱ्याने प्रॉडिजीची जन्मकथा ऐकावी.

लंडनच्या ईशान्येला एसेक्स परगण्यात ब्रेनट्री नावाचं गाव आहे. तिथल्या ‘द बार्न’ या क्लबात हाउलेट रेकॉर्ड लावायचा आणि फ्लिंट नाचायला यायचा. एकदा फ्लिंटने त्याच्याकडे मिक्स टेप मागितली. हाउलेटने एका बाजूला इतरांची गाणी भरली, दुसऱ्या बाजूला घरी बसून स्वतः केलेली, आणि टेपवर ‘प्रॉडिजी’ असं लिहून दिलं. हे मूग कंपनीच्या एका सिंथेसायझरचं नाव. फ्लिंट आणि त्याचा दोस्त लिरॉय ती दुसरी बाजू ऐकत नाचले आणि थेट हाउलेटकडे गेले. हे स्टेजवर वाजव, आम्ही नाचतो, म्हणाले. शार्की नावाची एक मुलगीही नाचायला आली, ती लवकरच बाहेर पडली. पीटरबरोचा मॅक्सिम माइकवर आला. १९९१ साली लंडनच्या डॉल्स्टन भागातल्या ‘लॅबिरिंथ’मध्ये पहिला कार्यक्रम झाला. म्हणजे घरात बसलेल्या संगीतकाराला बाहेर काढलं ते नाचणाऱ्यांनी. ग्रुप काढायची कल्पनाच त्यांची.

या संगीतात नाचणारा किती लागतो हे कळायला त्या काळचा एखादा कार्यक्रम बघावा. तबलजीचे हात दिसतात, सतारीवरची मींड डोळ्यांनी धरता येते. इथे एक माणूस यंत्रांच्या ढिगामागे मान खाली घालून उभा. आवाज छातीत धडकतो, पण तो कुठून आला ते काही दिसत नाही. ते दाखवायचं काम लिरॉयचं होतं. साडेसहा फुटांच्या घरातली उंची, त्यातही पायच फार. एवढा उंच माणूस नाचताना अवघडतो, कोपरं कुठे ठेवावीत हे त्याला कळत नाही. लिरॉयचं उलट होतं. कमरेच्या वर तो जवळजवळ निवांत असायचा, खांदे सैल, चेहरा शांत, आणि खाली टाचा-चवडे इतक्या वेगाने सरकत की तो चालतोय की घसरतोय हे ठरवता येऊ नये. ढोलाचा प्रत्येक ठोका तो पायावर घ्यायचा नाही. तीन सोडून चौथा घ्यायचा, मध्येच दुप्पट करायचा, आणि समोरच्या गर्दीला त्या कोलाहलातली लय सापडायची. त्याला मी वादकच म्हणतो.

प्रॉडिजीच्या ‘आउट ऑफ स्पेस’ या गाण्याच्या १९९२च्या व्हिडिओत शहामृग आहेत. विषयाशी त्यांचा काय संबंध, मला आजही सांगता येणार नाही. पण फ्लिंट आणि लिरॉय त्यात जे नाचलेत, ते निव्वळ आनंदाने.

आणि नाचणं तेव्हा साधी गोष्टही राहिली नव्हती. १९९४ साली ब्रिटनच्या संसदेने फौजदारी न्यायाचा नवा कायदा केला. उघड्यावर, रात्री, शंभर किंवा जास्त माणसं जमली आणि मोठ्याने संगीत लागलं, तर ते बंद पाडायचा अधिकार पोलिसांना मिळाला. कसलं संगीत, तर पुन्हा पुन्हा येणाऱ्या ठोक्यांचं. ही व्याख्या कलमातच लिहिली होती. त्याच वर्षी प्रॉडिजीचा ‘म्युझिक फॉर द जिल्टेड जनरेशन’ हा अल्बम आला. त्याच्या आतल्या चित्रात दरीच्या एका काठावर पोलीस आहेत, दुसऱ्या काठावर नाचायला जमलेली पोरं, आणि एक पोरगा मधल्या पुलाचा दोर कापतोय. सरकारला धास्ती कसली वाटली होती, तर माणसांच्या नाचण्याची. पाय काहीच करत नाहीत म्हणणाऱ्यांनी हे कलम जरूर वाचावं.

मग १९९६. हाउलेटने नव्या गाण्याचा, म्हणजे ‘फायरस्टार्टर’चा, नुसता वाद्यांचा भाग ऐकवला आणि फ्लिंट म्हणाला, यावर मी गाऊन बघतो. तोवर तो नर्तकच होता. लंडनच्या ऑल्डविच या बंद पडलेल्या भुयारी स्टेशनात वॉल्टर स्टर्नने कृष्णधवल व्हिडिओ चित्रित केला. बीबीसीवर तो लागला आणि मुलं घाबरतात म्हणून तक्रारी आल्या. आता त्या भुयारात फ्लिंट काय करतो ते बघा. मान झटक्यात वळवतो, डोळे वटारतो, भिंतीकडे सरकतो, अंग आखडून पुन्हा सोडतो. त्याचा गळा काही फार मोठा नव्हता. घाबरवलं ते शरीराने, आणि ते शरीर आधीची पाच-सहा वर्षं रात्रीमागून रात्री नाचून तयार झालं होतं. पण हातात माइक आला तेव्हा कुठे जगाने त्याचं नाव विचारलं. लिरॉय त्याच भुयारात, त्याच चौकटीत नाचतो आहे. त्याचं नाव किती जणांना सांगता येईल?

१९९७चा ‘द फॅट ऑफ द लँड’ हा अल्बम ब्रिटनमध्ये आणि अमेरिकेतही पहिला आला. लिरॉय २००० साली ग्रुप सोडून गेला. पुढे ‘फ्लाइटक्रँक’ आणि ‘लाँगमन’ या नावांनी त्याने स्वतःचं संगीत केलं, डीजे म्हणून गावोगाव फिरला. ग्रुप त्याच्यावाचून चालला, गाजलाही. पण त्याच्या जागी तसा नाचणारा पुन्हा दिसला नाही, आणि ती जागा मला आजही रिकामी दिसते.

कीथ फ्लिंट ४ मार्च २०१९ला एसेक्समधल्या आपल्या घरी वारला. ४९ वर्षांचा होता. अंत्ययात्रा ब्रेनट्रीजवळच्या बॉकिंगच्या चर्चला निघाली, तेव्हा हजारो लोक रस्त्याच्या दुतर्फा उभे होते. बहुतेक बातम्यांत तो ‘गायक’ म्हणून गेला. हे खोटं नव्हे, पण अपुरं आहे, आणि मला ते लागतं. नाचण्याने ज्याने आयुष्य उभं केलं, त्याच्या मृत्युलेखात नाच पहिल्या ओळीत हवा होता.

तेव्हा वाचकहो, एक करा. ‘फायरस्टार्टर’चा व्हिडिओ लावा आणि आवाज पूर्ण बंद करा. गाणं तरीही कळेल. मग त्या उंच माणसाला शोधा आणि सोबत जो कोणी बघत बसला असेल त्याला सांगा, हा लिरॉय थॉर्नहिल. आणि तुमच्यापैकी जे कार्यक्रमांच्या जाहिराती करतात, पत्रिका छापतात, परीक्षणं लिहितात, त्यांनी एवढंच करावं : नाचणाऱ्याचं नाव विचारून घ्यावं आणि ते वादकांच्या यादीत, त्याच आकाराच्या अक्षरात छापावं.