परकीय हात, देशी तोंड

लालबागच्या राजाचं विसर्जन 2025 साली भरतीनं रखडवलं. 7 सप्टेंबरच्या रात्री एकदाचं ते उरकलं आणि वाहिन्यांचे कॅमेरे मोकळे झाले. दुसऱ्याच दिवशी नेपाळ पेटलं. बातम्यांच्या धंद्यात असा योग क्वचित जुळून येतो.

समाजमाध्यमांवरच्या बंदीविरुद्ध तरुण रस्त्यावर उतरले आणि पहिल्याच दिवशी 19 जण गेले. पडद्यावर मात्र एकच घोषा: यामागे हात कुणाचा? एका चौकटीत चीन, दुसरीत अमेरिका, तिसरीत निवृत्त जनरल. माजी पंतप्रधान झलनाथ खनाल यांच्या पत्नी आगीत गंभीर भाजल्या, तर त्यांना बातम्यांनी मारूनच टाकलं. बाई जिवंत आहेत, हे सांगताना कुणाचा आवाज चढला नाही.

मग माजी राजा ज्ञानेंद्र यांना परत गादीवर बसवायची घाई सुटली. गादी गेलेल्या राजाचं पुढं काय होतं, हे रत्नागिरीला विचारायचं होतं. ब्रह्मदेशाचा राजा थिबा 1886 साली इथं आला आणि 1916 साली इथंच वारला.

विचारण्यासारखी जिवंत माणसंही होती म्हणा. कोकणातली पोरं मुंबईला गेली. त्यांच्या जागी आंब्याच्या बागा राखतात ते नेपाळी, रत्नागिरीतल्या मिरकरवाड्याच्या बोटींवर जाळी ओढतात त्यांतही नेपाळी. ऐन हंगामात, 4 सप्टेंबरला, त्यांच्या सरकारनं 26 समाजमाध्यमांवर बंदी घातली. यादीत व्हॉट्सअ‍ॅपही होतं. बोटीवरच्या बापाला पोराचं तोंड दिसतं ते त्यातच. देशात काम नाही म्हणून माणसं बाहेर, त्यांनी धाडलेल्या पैशांवर देश उभा. मंत्र्यांची पोरं चैनीचे फोटो टाकणार आणि यांनी घरी फोनही लावायचा नाही! यात चीन कशाला हवा? पण खलाशाकडे कोट नाही, त्याला चर्चेला कोण बसवणार?

काठमांडूत निदर्शकांनी आपल्या काही वार्ताहरांना पिटाळलं. 2015च्या भूकंपातही नेपाळ्यांनी भारतीय माध्यमांना ‘घरी जा’ म्हणून बजावलं होतंच. आपल्याकडे त्याला लोकप्रियता म्हणतात.

12 तारखेला सुशीला कार्की पंतप्रधान झाल्या. त्या बनारसला शिकलेल्या निघाल्या. हात सापडला, तोही आपलाच. सगळं प्रकरण एकदम पवित्र झालं. 14 तारखेला दुबईत भारत-पाकिस्तान सामना होता. त्या संध्याकाळपासून नेपाळमध्ये संपूर्ण शांतता आहे.