अरे, आवाज कुणाचा?

अहो वहिनी, कपडे वाळत घालून झाले असतील तर जरा इकडे कुंपणाशी या. काल रात्री ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’ लागला होता, पाहिलात? त्यातला तो पूल उडवायला निघालेला मेजर आठवतो का? रुंद खांद्यांचा, घराच्या किल्ल्या खुशाल सोपवाव्यात अशा चेहऱ्याचा? तोच, जॅक हॉकिन्स. ऑस्कर नेलं ॲलेक गिनेसनं, पण माझं लक्ष आपलं ह्याच्याकडेच.

मूळचा लंडनचा, 1910 चा जन्म. तेराव्या वर्षी रंगमंचावर आणि अठराव्या वर्षी थेट न्यूयॉर्कला, ब्रॉडवेवर! लग्न केलं ते जेसिका टँडीशी. हो हो, ‘द बर्ड्स’मधली ती आई! 1932 ला लग्न, 1940 ला काडीमोड. बाई लेकीला घेऊन अमेरिकेला गेल्या, तिथे दुसरा संसार थाटला आणि ऐंशीव्या वर्षी ‘ड्रायव्हिंग मिस डेझी’साठी ऑस्कर घेऊन बसल्या. ह्याच्या वाट्याला जन्मात साधं नामांकन नाही. घ्या!

दुसरी कुठे भेटली म्हणता? आपल्या हिंदुस्थानात! महायुद्धात सैनिकांसाठी नाटकं, गाणी करणारी ‘एन्सा’ नावाची संस्था होती. तिचा इथला कारभार कर्नल हॉकिन्सकडे. नाटकमंडळींबरोबर आलेली डोरीन लॉरेन्स नावाची नटी इथेच भेटली आणि 1947 ला लग्न लागलं. हे मात्र शेवटपर्यंत टिकलं.

मग काय, गाडी सुसाट. ‘द क्रूएल सी’ आला 1953 ला. त्यात हा युद्धनौकेचा कप्तान. पाण्यात आपलेच खलाशी वाचवा म्हणून हात हलवताहेत आणि नेमकी त्यांच्याखाली जर्मन पाणबुडी असल्याचा संशय. हा स्फोटकं टाकायचा हुकूम देतो. नंतर त्याच्या डोळ्यांना धार लागते. इंग्रज कप्तान पडद्यावर रडतो म्हणजे काय हो! पण लोकांनी डोक्यावर घेतलं. पुढे ‘बेन हर’मध्ये रोमन सेनानी, ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’त जनरल ॲलनबी. हुकूम सोडायचा म्हटलं की हॉकिन्सच हवा. आवाजच तसा होता. चढवायची गरजच पडायची नाही.

आणि घात झाला तो तिथेच. सिगारेटी! दिवसाला तीन-तीन पाकिटं. 1959 ला घशाला कोबाल्टचे शेक घ्यावे लागले, तरी कामं चालूच. 1966 च्या जानेवारीत कॅन्सरपायी स्वरयंत्रच काढून टाकलं. वय पंचावन्न.

घरी बसला? छे! अन्ननलिकेत हवा ओढून शब्द काढायला शिकला. पडद्यावर तेवढ्यानं भागेना, म्हणून कॅमेऱ्यासमोर नुसते ओठ हलवायचे आणि मागाहून चार्ल्स ग्रे नाहीतर रॉबर्ट रिएटी आवाज द्यायचे. ग्रे म्हणजे बाँडपटात ब्लोफेल्ड झालेला. ‘वॉटर्लू’, ‘यंग विन्स्टन’ ही सगळी त्यानंतरची कामं, बरं का!

काय म्हणालात? फसवणूक? अहो, लताबाईंनी नायिकांच्या पिढ्यान् पिढ्यांना गळा दिला, तेव्हा कुठे कुणी फसवणूक म्हणालं? गाणं वेगळं न् बोलणं वेगळं, हे कबूल. बोलण्याचा आवाज म्हणजे नटाचं अर्धं भांडवल. पण विचार करा, ओठ आधी ह्याचे हललेत. कुठे थांबायचं, कुठला शब्द चावून म्हणायचा, हे ह्यानं ठरवलंय. मागचा बिचारा त्याच्या पावलावर पाऊल टाकतोय. गळा परका असेना का, बोलणारा हाच होता की!

नियतीचा खट्याळपणा तर पुढेच आहे. 1952 ला ह्यानं ‘मँडी’ नावाचा सिनेमा केला होता. त्यात हा मूकबधिर मुलांच्या शाळेचा मुख्याध्यापक. एका बहिऱ्या पोरीला बोलतं करण्यासाठी तिच्या आईच्या पाठीशी उभा राहतो, शाळेच्या विश्वस्तांशी भांडतो. चौदा वर्षांनी स्वतःवरच नव्यानं बोलायला शिकायची पाळी! तो धडा पडद्यावर दिला, तसा आयुष्यातही गिरवला म्हणायचा.

1973 ला कृत्रिम स्वरयंत्र बसवून घेतलं, पुन्हा बोलायची हौस हो! ते मानवलं नाही. रक्तस्राव झाला आणि जुलैत गेला, अवघ्या बासष्टाव्या वर्षी. आत्मचरित्र लिहून ठेवलं होतं, ते मागाहून निघालं.

आता हे सगळं मी तुम्हाला का सांगत्येय? रात्री जेवण झालं की भावजी तुमच्या मागच्या अंगणात ‘शतपावली’ करतात ना, त्या शतपावलीचा धूर थेट आमच्या माजघरात येतो. मी सांगितलं म्हणू नका, पण तो कालचा सिनेमा रविवारी पुन्हा आहे. त्यांना समोर बसवा आणि मधल्या जाहिरातीत हळूच पुढचं सांगा.