नट फिरतोय!

आमच्या गाडीचा आवाज सुरू झाला गणपतीच्या आधी आठ-दहा दिवस. एकच 'खट', पण स्वच्छ. सोसायटीच्या गेटवरचा स्पीडब्रेकर तिरका घेतला की खट. सरळ घेतला की गप्प. हायवेला चकार शब्द नाही, पण गल्लीत हळू चालवताना एकच चाक खड्ड्यात गेलं की खट. "हे काय वाजतंय हो?" असं बायकोनं विचारलं तेव्हा मी म्हणालो, डिकीत पाण्याची बाटली लोळत असेल. पुढचे आठ दिवस मी डिकी आवरत होतो. डिकी आरशासारखी झाली. आवाज होता तिथेच.

नाक्यावरच्या गॅरेजवाल्यानं गाडीखाली डोकं घातलं, काहीतरी हलवून पाहिलं आणि अर्ध्या मिनिटात बाहेर आला. "लिंक रॉड गेलेत काका. दोन्ही बाजूचे. जोडीचे तेराशे आणि चारशे मजुरी."

तेराशेचं काही वाटलं नाही. चारशे झोंबले. एका बाजूला दोन नट, म्हणजे एकूण चार. नटाला शंभर रुपये! आणि मी मेकॅनिकल इंजिनिअर. पदवीनं मेकॅनिकल, पोटापाण्यानं एक्सेल, हे खरं. पण पदवी फ्रेम करून हॉलमध्ये लावलेली आहे.

घरी येताना मी बायकोला शास्त्र समजावून सांगितलं. पुढच्या दोन चाकांमध्ये स्प्रिंग स्टीलचा एक आडवा दांडा असतो. दोन्ही चाकं एकदम वर गेली तर तो आपल्या रबरी बुशांमध्ये नुसता फिरतो. एकच चाक वर गेलं की मात्र पिळला जातो आणि त्या पिळाला विरोध करतो. वळणावर गाडी एका अंगावर झुकत नाही ती त्याच्यामुळे. जाडी दुप्पट केली तर पिळायला सोळापट अवघड, कारण व्यासाचा चौथा घात. या दांड्याची टोकं शॉकअपला जोडणारी वीतभर सळई म्हणजे लिंक रॉड. तिच्या दोन्ही टोकांना बॉल जॉइंट असतो, तो झिजला की 'खट'. "सेकंड इयरला या पिळाच्या गणितात मला पैकीच्या पैकी होते," मी म्हणालो. बायको म्हणाली, "सिग्नल हिरवा झालाय."

नाना पेठेतल्या दुकानदारानं विचारलं, "जोडी देऊ ना?"

"एकच. डावी."

आवाज डावीकडूनच येतो याबद्दल माझ्या मनात शंका नव्हती. एका पायाची चप्पल मागणाऱ्याकडे बघावं तसं त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि साडेसहाशे घेतले.

रविवारी सकाळी मागच्या चाकाला वीट लावली, जॅक लावला, चाक काढलं. यूट्यूबवर एका गृहस्थानं हे काम आठ मिनिटांत केलेलं मी तीनदा पाहिलं होतं. नटाला पाना लावला, जोर दिला आणि काय सांगू, पहिल्याच झटक्यात नट फिरला! लोक उगाच गंजाचा बाऊ करतात. मी फिरवत राहिलो. गुणगुणतही होतो, असं वॉचमन नंतर म्हणाला. पाच मिनिटं झाली, दहा झाली. वॉचमन उकिडवा बसून बघत होता. शेवटी हळूच म्हणाला, "सायेब, नट फिरतोय. पण भायेर येईना."

नट बाहेर येत नव्हता, कारण नटाबरोबर आतला बोल्टही फिरत होता. गोल बॉलच तो, खोबणीत हवा तितका फिरतो. तो धरून ठेवायला त्याच्या टोकाला षटकोनी भोक असतं. तिथे ॲलन-की घालून एका हातानं बोल्ट धरायचा, दुसऱ्या हातानं नट सोडवायचा. यूट्यूबवाल्या गृहस्थानं हेच केलं असणार. मी त्याचा पाना बघत होतो, दुसरा हात बघितलाच नाही. माझ्या बोल्टच्या भोकात बारा वर्षांचा चिखल बसून त्याची वीट झाली होती. बायकोच्या सेफ्टी पिनेनं तो कोरून काढला, ॲलन-कीचा संच विकत आणला, की घातली, जोर लावला. कुर्र असा मऊ आवाज आला आणि षटकोनाचा गोल झाला.

मग डब्ल्यूडी-४०चा डबा. १९५३ साली ते रसायन चाळिसाव्या प्रयत्नात साधलं, म्हणून नावात ४०. माझा हा चौथाच प्रयत्न होता, तेव्हा धीर धरायला हरकत नव्हती. पण दुपारचे दोन वाजले होते. शेवटी एक्सा ब्लेडनं बोल्टच कापायला घेतला. दोन ब्लेडं मोडली, एक शर्ट कामातून गेला आणि साडेचारला जुनी लिंक सुटून खाली पडली.

आता नवी बसवायची. वरचं टोक शॉकअपला लावलं, आणि खालचं काही केल्या दांड्याच्या भोकात जाईना. लिंक चांगली दोन बोटं लांब! दुकानदारानं फसवलं, दुसरं काय? मनात तक्रार तयार करत मी नवी लिंक काढून जुनीशेजारी धरली. तसूभर फरक नाही.

तेवढ्यात तिसऱ्या मजल्यावरचे काका भाजीची पिशवी घेऊन आले. एका कारखान्याच्या टूलरूममध्ये त्यांनी तीस वर्षं काढली आहेत. खाली वाकून त्यांनी एकच प्रश्न विचारला : "उजवं चाक जमिनीवर का आहे?"

मी बघतच राहिलो. डावी बाजू लोंबकळतेय, उजवं चाक जमिनीवर दाबलेलं आहे. म्हणजे दांडा पिळलेला, म्हणजे लिंक सुटताच त्याचं टोक उसळून वर आलेलं. मी सकाळपासून माझ्याच पैकीच्या पैकी मार्कांशी झुंजत होतो. काकांनी त्यांच्या गाडीतला जॅक आणवला, उजवी बाजू उचलायला लावली. काढलेलं चाक गाडीखाली आडवं सरकवायला सांगितलं. "जॅक सरकला तर गाडी त्याच्यावर बसेल, तुमच्यावर नाही," म्हणाले. दांड्याचं टोक हळूहळू खाली आलं आणि बोल्ट भोकात अलगद गेला. मी तो जीव खाऊन आवळला.

सोमवारी सकाळी गेटवर : खट.

लोखंडातून आवाज कसा प्रवास करतो, हाही विषय मला सेकंड इयरला होता.

शनिवारी गॅरेजात गेलो. बायको बरोबर होती, भाजी घ्यायची होती म्हणून. उजवीकडची लिंक हलवून पोरगा म्हणाला, "ही तर पार गेलीय." मग डावीकडे गेला आणि बराच वेळ तिथेच थांबला.

"काका, ही नवीन आहे ना? हिचा रबराचा बूट पिळून फाटलाय. पाणी जाणार आत. दोन महिन्यांत वाजायला लागेल. आणि हे ब्रॅकेटवर ओरखडे कसले?"

"दोन्ही बदल," मी म्हणालो.

दोन्ही मिळून त्याला पंचवीस मिनिटं लागली. मजुरी चारशे.

पैसे घेताना त्यानं विचारलं, "डावीकडची कुणाकडून बसवली होती?"

"गावाकडे गेलो होतो," मी म्हणालो. "तिथल्या एकानं."

"त्याच्याकडे परत नेऊ नका काका."

"नाही नेणार," बायको म्हणाली. "मजुरी फार घेतो."