एवढ्या खोल्या झाडणार कोण?

आमच्याकडच्या भुतांना पूर्वी घर नव्हतं. मुंजा पिंपळावर, हडळ विहिरीच्या काठाला, वेताळ गावाच्या वेशीबाहेर, आणि चकवा तर जन्मभर, म्हणजे मरणभर, वाटेवरच. कोकणात आणि गोव्यात देवचार रात्रभर गावाची राखण करत हिंडतो (त्याला भुतांच्या यादीत घातलेलं त्याला रुचणार नाही, पण असो) आणि हिंडून हिंडून त्याच्या वहाणा झिजतात, म्हणून लोक त्याला नव्या वहाणा वाहतात. म्हणजे मेल्यावरही पायपीट सुटत नाही, आणि मोबदला काय, तर पुढच्या पायपिटीची सोय! संसार करायचा राहून गेला म्हणून यातले बरेचसे भूत झालेले. पण भूत होऊनही छप्पर काही नशिबी आलं नाही. ऊन, पाऊस, थंडी सगळं उघड्यावर.

यांचे कुणी लांबचे नातलग हवेलीत राहतात, हे आम्हांला टीव्हीमुळे कळलं. सिनेमात हवेल्या होत्याच, पण त्यांच्यासाठी तिकीट काढून जावं लागे आणि घरचे तसं जाऊ देत नसत. 1993 मध्ये झी टीव्हीवर रामसे बंधूंचा ‘झी हॉरर शो’ सुरू झाला आणि केबलच्या काळ्या वायरीवरून हवेली थेट आमच्या चाळीतल्या खोलीत उतरली. ‘दस्तक’ ही त्यातली पहिली कथा, अर्चना पूरणसिंग आणि पंकज धीर यांची. आमची खोली एक, माणसं पाच, आणि समोरच्या पडद्यावर एकटंदुकटं भूत वीस खोल्यांत ऐसपैस नांदत होतं. मुंबईत राहणाऱ्याला यात भीती आधी वाटावी की मत्सर, हे ठरवणं कठीण होतं. आईला दोन्ही वाटलं नाही. नायिका हातात मेणबत्ती घेऊन जिन्यावरून वर निघाली की आई भाजी निवडता निवडता म्हणायची, “एवढ्या खोल्या झाडणार कोण?”

खरं सांगायचं तर भुताला घरात आणलं ते पैशाच्या टंचाईने, असं मला आता वाटतं. पिंपळ रात्रीचा उजळायचा म्हणजे जनरेटर आला, दिवे आले, बघ्यांची गर्दी आली. त्यापेक्षा एक हवेली भाड्याने घ्यावी, खिडक्या लावून घ्याव्यात, थोडा धूर, एक निळा दिवा आणि एक पंखा पडद्यांच्या मागे. दिवसाची रात्र होते आणि रात्रीचं भाडं वाचतं. अंधार हे जगातलं सगळ्यात स्वस्त नेपथ्य. ज्या कोपऱ्यात सामान नाही तिथे काळोख ओतला की तो कोपरा गूढ होतो. दाराची करकर तर एकदाच ध्वनिमुद्रित करून आठवडेच्या आठवडे वापरता येते; नवं कोरं दारसुद्धा मग शंभर वर्षांच्या संधिवाताने कण्हू लागतं. मेणबत्ती फुंकरीने विझायची, तरी नायिकेचा चेहरा उजळलेलाच राहायचा. तो उजेड कुठून येतो, असं मी एकदा विचारलं, तर धाकटी बहीण म्हणाली, “तिचा स्वभाव चांगला आहे म्हणून.” इतकं निर्मळ स्पष्टीकरण मी पुढे कुठल्याही समीक्षकाकडून ऐकलं नाही.

त्या भुतांची शिस्तही मोठी. नखं वाढलेला हात नायिकेच्या खांद्यापाशी यायचा आणि नेमकी जाहिरात लागायची. कपडे धुण्याची पावडर येऊन जायची, पंखे येऊन जायचे, तोवर तो हात तसाच अधांतरी थांबून असायचा. जाहिराती संपल्यावर खांद्यावर पडायचा तो मात्र नायकाच्या मित्राचा हात. आई म्हणायची, “मेल्याला हाक मारता येत नाही का आधी?” हे वाक्य तिने भुताला उद्देशून कधी म्हटलं नाही. तिचा सगळा राग जिवंत माणसांच्या गैरशिस्तीवर.

रामसेंची गोष्ट नंतर वाचनात आली तेव्हा त्या हवेलीत मला वेगळीच वर्दळ दिसायला लागली. या भावांचे वडील फतेहचंद रामसिंघानी फाळणीनंतर कराचीहून मुंबईत आले, लॅमिंग्टन रोडवर रेडिओचं दुकान चालवलं, मग चित्रपटात पडले. 1970 चा ‘एक नन्ही मुन्नी लड़की थी’ चालला नाही, पण त्यात भयंकर मुखवटा घालून चोरी करणारे पृथ्वीराज कपूर आले की प्रेक्षक दचकतात, हे मुलांनी हेरलं. मुलगे सात. लग्नघरात कामं वाटून घ्यावीत तशी त्यांनी वाटून घेतली: कुमार लिहिणार, गंगू कॅमेऱ्यामागे, किरण आवाज सांभाळणार, अर्जुन संकलन, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन. ‘दो गज़ ज़मीन के नीचे’ 1972 मध्ये आला. त्याच्या चित्रीकरणासाठी सगळं बिऱ्हाड महाबळेश्वरला गेलं होतं. मला गंमत वाटते ती ही, की यांच्या कथांमधली घराणी हटकून शापित. 1984 च्या ‘पुराना मंदिर’मध्ये तर घराण्यातली प्रत्येक स्त्री बाळंतपणात मरेल असाच शाप. आणि हे शाप रचणारे, उजळणारे, त्यांना आवाज देणारे सगळे सख्खे भाऊ. इतक्या जुळवून घेणाऱ्या घरातून इतके उद्ध्वस्त वाडे निघावेत, हे मला त्या वाड्यांहून अद्भुत वाटतं.

भुताचं घर आता प्रेक्षणीयही झालंय. ‘रात्रीस खेळ चाले’ ही मालिका 2016 मध्ये सुरू झाली तेव्हा तिच्यामुळे कोकणाची बदनामी होते, अशी ओरड झाली. पुढे सावंतवाडीजवळच्या आकेरीतला तो मालिकेतला वाडा बघायला लोक गाड्या करून जाऊ लागले आणि दारात उभे राहून हसऱ्या चेहऱ्याने फोटो काढू लागले.

चाळीत मात्र भय शिल्लक राहायचं ते कार्यक्रम संपल्यावर. संडास गॅलरीच्या पार टोकाला, मधला दिवा गेलेला. वडील छापखान्यात रात्रपाळीला, तेव्हा आईच बरोबर यायची आणि बाहेर उभी राहून अधूनमधून म्हणायची, “आहे गं मी,” “आहे रे मी.” ती ‘आहे’ कुणाकुणाला सांगत होती, कोण जाणे. आम्ही झोपलो तरी टीव्ही मंद आवाजात चालूच असायचा. तिला त्यातलं काही आवडत होतं असं नाही, पण वडील येईपर्यंत खोलीत कुणीतरी बोलत असलेलं तिला बरं वाटायचं.

‘पुराना मंदिर’मधला तो उंचापुरा, लांबोडक्या चेहऱ्याचा सामरी नावाचा सैतान साकारणारे अनिरुद्ध अगरवाल हे शिक्षणाने इंजिनियर, हे मी तिला बऱ्याच वर्षांनी सांगितलं. तिला तो लगेच आठवला. शिकलासवरलेला माणूस, चेहऱ्यावर ते सगळं थापून रात्र रात्र उभा राहायचा, याचं तिला फार वाईट वाटलं. थोडा वेळ शेंगा सोलत राहिली आणि मग म्हणाली, “रात्रपाळीचा भत्ता तरी देत होते का रे त्याला?”